समेटाचा रविवार

चिमाबाईंची आणि माझी ओळख झाली ती माझ्या भांडणात. साल १९८४. आम्ही मूळचे गुहागरकडचे. मला सिल्वासाच्या सरकारी मराठी शाळेत नोकरी लागली, माझे यजमान रमाकांत प्रशासनाच्या कचेरीत कारकून झाले, आणि टोकरखाड्याच्या क्वार्टरमध्ये सामान लावता लावताच पाण्याच्या पिंपावरून आमची जुंपली. भांडण अगदी रंगात आलं असताना दारात एक ठेंगणी, सावळी बाई येऊन उभी राहिली. पांढरं पातळ, खांद्याला कापडी पिशवी, कपाळ मोकळं. आम्ही दोघांनी तिलाच निवाड्याला बोलावलं असावं अशा थाटात ती ऐकत होती. मी वळून खेकसले, "काय पाहिजे?" तर म्हणाली, "काही नको, बेन. तुमचं होऊन जाऊ द्या. मंग मी दोघांशी बोलते."

आगाऊपणाची हद्द झाली! पण रमाकांतना हसू फुटलं आणि ते हसले म्हणताना मलाही राग धरवेना. सिल्वासात शिक्षिकेला सगळे गुजरातीतलं बेन म्हणतात, म्हणून मी बेन. आणि ती बाई म्हणजे मागच्या चाळीत राहणाऱ्या चिमाबाई, तिथल्या एका छोट्या ख्रिस्ती मंडळीच्या बायबल-बाई.

बायबल-बाई म्हणजे काय ते मलाही तेव्हा ठाऊक नव्हतं. ही मंडळीची नेमलेली बाई. घरोघर जायचं, बायकांना शास्त्र वाचून दाखवायचं, आजाऱ्याच्या उशाशी बसायचं, बाळंतिणीसाठी प्रार्थना करायची. चिमाबाई नवापूरकडच्या. नवरा चिंधा सुताच्या कारखान्यात वॉचमन होता, तो काविळीनं गेला. मूलबाळ नव्हतं. चार यत्ता शिकलेल्या, वाचताना ओळीखाली बोट धरायच्या आणि जोडाक्षर आलं की थांबून दम घ्यायच्या. पण भांडण मिटवण्यात त्यांचा हात धरणारं कोणी नव्हतं, आणि याचा त्यांना गर्वही होता. चांगला फुगलेला गर्व होता, मी चिडवायची त्यावरून.

त्या मंडळीचा एक रिवाज होता. किलवणीच्या रस्त्याला पत्र्याचा एक हॉल, तिथं दर महिन्याच्या पहिल्या रविवारी प्रभुभोजन व्हायचं. भाकरीचा तुकडा आणि काळ्या मनुका उकळून काढलेल्या रसाचा घोट. तो रस चिमाबाईच करायच्या आणि त्या दिवशी त्यांच्या खोलीवरून जाताना गोड वास यायचा. पण भाकर हातात घेण्याआधी समेट करावा लागे. ज्याचं ज्याच्याशी वाकडं असेल त्यानं उठायचं, सगळ्यांसमोर त्याच्याकडे जायचं, हात जोडायचे, समोरच्यानं हात हातात घ्यायचा आणि दोघांनी म्हणायचं, "शांती असो." समेट नाही तर भाकर नाही. आणि एकदा समेट झाला की विषय संपला. पुन्हा जो कोणी तो विषय काढेल तोच दोषी.

मी एकदा पाहायला गेले होते. बायका एका सतरंजीवर, पुरुष दुसऱ्या. कोंबडीवरून वर्षभर न बोलणाऱ्या दोन जावा उठल्या, एकमेकींच्या गळ्यात पडून रडल्या. सायकलीवरून हाणामारी केलेले दोन कामगार ओशाळे होऊन हात मिळवत होते. खरं सांगते, मला हेवा वाटला. आमच्यात माणसं अबोला धरतात आणि तो चितेपर्यंत नेतात. हे सगळं आदल्या शनिवारी चिमाबाईंनी घरोघर फिरून जमवून आणलेलं असायचं. मागे बसून त्या एकेक जोडी उठताना बघायच्या तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर लग्न लावून दिलेल्या आईचं समाधान असायचं.

एक लग्न त्यांनी खरोखरच जमवलं होतं. मंगला नावाची त्यांच्या लांबच्या नात्यातली पोरकी मुलगी, नवापूरहून आणलेली. नवरा भगवंत. सुताच्या कारखान्यात सुपरवायझर, मंडळीच्या पंचांपैकी एक, आणि उपासनेला पेटी वाजवणारा. देखणा, बोलायला गोड, समोरून येताना दुरूनच हात जोडणारा. १९८७ साली लग्न झालं तेव्हा चिमाबाईंचे पाय जमिनीवर नव्हते. "बेन, पोरीचं सोनं झालं," म्हणाल्या.

सोनं कसलं! वर्षाच्या आत मंगलाच्या दंडावर वळ दिसायला लागले. भाजीत मीठ, दार उघडायला उशीर, शिफ्टवर साहेब बोलला, कुठलंही कारण पुरत असे. आणि मारून झालं की भगवंत मोठ्या मनानं पहिल्या रविवारी उठायचा. सगळ्या मंडळीसमोर बायकांच्या सतरंजीपाशी येऊन हात जोडायचा, डोळ्यांत पाणी आणायचा. मंगला हात पुढे करायची. शांती असो. बायका पदरानं डोळे पुसायच्या, की बघा, एवढा पंच माणूस, पण किती नम्र! शनिवारी चिमाबाई जाऊन तिची तयारी करून आलेल्याच असायच्या. त्यांच्या लेखी हा मोठा विजय होता. इतर जोड्या वर्षातून एकदा उठत, ही दर एक-दोन महिन्यांनी.

मी एकदा न राहवून म्हटलं, "चिमाबाई, हा मेला दर महिन्याला माफी मागतो म्हणजे दर महिन्याला मारतो, एवढं तरी कळतंय ना?"

त्या दुखावल्या. "बेन, क्षमेले गनती नसती. आमच्या प्रभूनं सांगेल आहे."

मी गप्प बसले नाही, पण माझं बोलणं त्यांच्यापर्यंत पोचत नव्हतं. त्यांचा देव क्षमा करणारा आणि त्या त्याच्या हुकमाच्या चाकर. माझ्यासारख्या गणपती बसवणाऱ्या बाईनं त्यात काय सांगावं?

१९९२ च्या पावसाळ्यात मंगलाला सातवा महिना होता. भगवंतनं लाथ मारली ती पोटात बसली. सरकारी दवाखान्यात तिनं सांगितलं की हापशापाशी पाय घसरला. मूल मेलेलंच जन्माला आलं. भगवंत आणि त्याचा एक दोस्त ते कापडात गुंडाळून कुठंतरी पुरून आले. कुठं, ते तिला सांगितलं नाही. ती दवाखान्यातून घरी आली तो शुक्रवार होता आणि रविवार महिन्याचा पहिला.

शनिवारी चिमाबाई गेल्या. नेहमीसारख्याच गेल्या. शेजारी बसल्या, डोक्यावर हात ठेवला, प्रार्थना केली, आणि सांगितलं, पोरी, मन मोकळं कर, क्षमा केलीस की ओझं उतरंल. रविवारी भगवंत उठला. त्या दिवशी तो हुंदके देऊन रडला म्हणे, मंडळीचे धर्मगुरू, म्हणजे पाळकसाहेब, त्यांनाही गहिवरून आलं. मंगलाला नीट उभं राहवत नव्हतं. दोन बायकांनी धरून तिला उठवलं आणि तिनं हात पुढे केला.

त्यानंतर आठवडा झाला असेल. दुपारची शाळा सुटून मी घरी येत होते. चिमाबाईंच्या खोलीचं दार सताड उघडं, आत मंगला भिंतीला टेकून बसलेली, एक कान सुजून काळानिळा झालेला. चिमाबाई तिच्यासमोर फरशीवर बसल्या होत्या. त्यांच्या तोंडात नेहमी प्रार्थना तयार असायची. त्या दिवशी तोंड बंद होतं.

"काय झालं?" मी विचारलं.

मंगला माझ्याकडे न बघता बोलली, "मी रडत होते, बेन. दूध येतंय मला अजून. अंग भिजलं की रडू येतं. ते म्हणले, समेट झालाय ना? मंडळीसमोर शांती असो म्हणालीस ना? मग रडतीस म्हणजे देवासमोर खोटं बोललीस. बाळाचं नाव काढायचं नाही. विषय संपलाय. आणि मारलं."

चिमाबाई एकदम म्हणाल्या, "हे माले सांगितलं नव्हतं तू आधी."

"आधी म्हणजे?" मंगलानं पहिल्यांदा मान वर केली. "मावशी, दर वेळी असंच असतं. तुम्ही समेट करून देता, मग आधीचं काही बोलायची चोरी. पुढच्या वेळी मारलं की ते पहिल्यांदाच मारल्यासारखं."

मी आयुष्यात पुष्कळ माणसांना हरताना पाहिलं आहे, पण चिमाबाईंचा त्या क्षणाचा चेहरा मला अजून नकोसा वाटतो. वर्षानुवर्षं ज्या कामाचा अभिमान बाळगला, त्याच कामानं ही पोर बांधून त्याच्या हातात दिली जात होती. बाकीच्यांचे समेट खरे असतीलही. कोंबडी मेली तर दुसरी आणता येते. इथं मात्र माफीनं मार धुऊन निघत होता, आणि पाटी कोरी झाली की भगवंत पुन्हा पहिल्या रेघेपासून सुरू करत होता.

त्या दिवसापासून मंगला चिमाबाईंच्याच खोलीत राहिली. भगवंत दोनदा न्यायला आला. हात जोडून, अगदी मऊ आवाजात, "चिमामावशी, घरचा माणूस म्हणून समजवा तिला." चिमाबाई उंबऱ्यात आडव्या बसून राहिल्या. मी पोलिसांत जाऊ म्हटलं, रमाकांत सोबत यायला तयार होते, पण मंगलानं नकोच म्हटलं. पोलिसांत गेलं की मंडळी तुटली, आणि मंडळीपलीकडे तिला या जगात कोण होतं?

मग चिमाबाई पाळकसाहेबांकडे गेल्या. अनंतराव त्यांचं नाव, नाशिककडचे, चाळिशीतले, काटकुळे. मी त्यांना वाईट माणूस म्हणणार नाही, म्हणता आलं असतं तर सोपं झालं असतं. कावीळ झालेल्या चिंधाच्या अंगाला हात लावायला कोणी धजत नव्हतं तेव्हा यांनी त्याला आंघोळ घातली होती. चिमाबाईंनी त्यांना सगळं सांगितलं. मंगलासाठी समेट लागू करू नका म्हणाल्या, आणि त्या बाळासाठी मंडळीत एक प्रार्थना करा. पाळकसाहेब म्हणाले, समेट झाला आहे, आता मी तो विषय काढला तर मीच रिवाज मोडला. मंगलानं परत जावं, मी भगवंतला समज देतो.

"मी म्हनलं," चिमाबाई परत येऊन मला सांगत होत्या, "प्रभू मेलेल्यातून उठला तवा त्याच्या हातातली खिळ्यांची भोकं बुजेल होती का? नव्हती. त्यानं आपल्या मानसांना हात दाखवले. मंग पोरीनं आपला घाव का झाकावा?"

"मग? काय म्हणाले?"

"म्हने, त्या खुना क्षमेच्याच आहेत, चिमाबाई. ज्यांनी खिळे मारले त्यांना त्यानं क्षमा केली." त्यांनी खांद्यावरची पिशवी उतरवली. "यावर माले काही सुचलं नाही, बेन. घरी येईपरेंत सुचलं नाही. अजून सुचत नाही."

मी शिकलेली बाई, पण मला तरी कुठं त्यांचं शास्त्र येतं? वादात चिमाबाई हरल्या. मंगला मात्र परत गेली नाही.

मंडळीनं त्यांना बायबल-बाईच्या कामावरून काढलं. समेट घडवणारी बाईच समेटाच्या आड आली तर दुसरं काय करणार, असं पंचांचं म्हणणं. पंचांत भगवंत होताच. तो म्हणे त्या बैठकीत म्हणाला, मावशीला काढू नका, मी क्षमा केली आहे. हे ऐकून माझ्या अंगाचा असा तिळपापड झाला की रमाकांतनी मला घरातून बाहेर जाऊ दिलं नाही. चिमाबाई त्या वयात प्लास्टिकच्या कारखान्यात पॅकिंगला लागल्या. मंगलाही तिथंच.

दोघींचं प्रभुभोजनही बंद झालं. मंगला तर हॉलकडे फिरकेनाच. चिमाबाई मात्र दर रविवारी जायच्या आणि अगदी मागे, चपलांच्या शेजारी बसायच्या. पहिल्या रविवारी भाकरीचं ताट त्यांच्यापर्यंत यायचं आणि त्यांना वगळून पुढे जायचं. तेवढंही सोसलं असतं. पण दर पहिल्या रविवारी भगवंत उठायचा, मागे वळून हात जोडायचा आणि म्हणायचा, "मी समेटाला तयार आहे." सगळी मंडळी माना वळवून चिमाबाईंकडे बघायची. त्या जमिनीकडे बघत बसायच्या. दर महिन्याला हे. वर्षं गेली तरी हे. मारणारा साधू ठरला आणि जिनं एका पोरीला आसरा दिला ती कठोर मनाची बाई.

मी म्हणायची, "जाता कशाला मरायला तिथं? गावात पोर्तुगीजांच्या काळातलं मोठं चर्च आहे, तिकडे जा."

"ते येगळं, बेन. माझा बाप्तिस्मा झाला त्या मंडळीत मी मरीन."

भाकरीवाचून त्यांचे हाल होत होते. मला ते समजायला वेळ लागला. मला वाटायचं, एक तुकडा आणि मनुकांचं पाणी, त्यात काय एवढं? एकदा त्यांना श्रावणातला सत्यनारायणाचा प्रसाद दिला. त्यांनी तो नेहमीप्रमाणे नम्रपणे नाकारला आणि मग अचानक रडायला लागल्या. "माझ्या देवाच्या घरी माझं ताट बंद आहे," म्हणाल्या. मी त्यांचे डोळे पुसले.

आणि मंगला? ती जगत होती, एवढंच म्हणते. एका कानानं ऐकू येईना. कोणी मागून आलं तर भांडं हातातून पडायचं. पाठ भिंतीला लावल्याशिवाय बसायची नाही. एका गणपतीत आमच्याकडे भजन होतं, तिला मी मुद्दाम बोलावली होती. पेटीचा पहिला सूर निघाला आणि ती ताटासकट उठली, मोरीत जाऊन ओकली. भगवंत घरीही पेटी वाजवायचा, मारून झाल्यावर, मन शांत करायला. हे मला चिमाबाईंनी नंतर सांगितलं. रमाकांतनी पेटी पुन्हा घरात आणू दिली नाही, नुसत्या टाळांवर भजन झालं. भजनी मंडळ कुरकुरलं, पण कुरकुरू दे.

चिमाबाई तिला उपदेश करत नव्हत्या. आयुष्यभर दुसऱ्याला सांगत आलेली बाई, पण मंगलापुढे गप्प बसायला शिकली होती. संध्याकाळी दोघी तांदूळ निवडत बसायच्या. मंगला कधी बाळाबद्दल बोलायची. तेच तेच बोलायची, किती हलत होतं, कुठल्या कुशीला लाथ मारायचं. चिमाबाई दर वेळी नव्यानं ऐकल्यासारखं "हो का?" म्हणायच्या. प्रार्थना करायच्या त्या नंतर, मंगला झोपल्यावर, ओठ हलवून. एकदा मी विचारलं, काय मागता? म्हणाल्या, "मागत नाही. भांडते."

१९९७ मध्ये चिमाबाईंच्या पोटात गाठ निघाली. वलसाडला नेलं, तिथं डॉक्टरनी हात टेकले. परत आणलं तेव्हा बाई मूठभर झाली होती. मंगलानं कामावरून रजा घेतली आणि त्यांचं सगळं केलं. शेवटी शेवटी चिमाबाईंनी एकच ध्यास घेतला, मरायच्या आधी प्रभुभोजन मिळावं. मला सांगितलं, "बेन, तुम्ही जा पाळकसाहेबांकडे. तुम्हाला ते नाही म्हननार नाहीत."

मी गेले. शाळेतल्या मुलाला दटावावं तशी त्यांना बोलले. ते ऐकत राहिले आणि म्हणाले, "येतो. मलाही ते फार दिवस खुपतंय."

दुसऱ्या दिवशी सकाळी ते आले. हातात पांढऱ्या फडक्यात बांधलेलं ताट आणि छोटा पेला. मला बरं वाटलं. मी उठून त्यांना जागा करून दिली. आणि मग पाहते तर त्यांच्या मागे, दारात, भगवंत. इस्त्रीचा सदरा, जोडलेले हात.

पाळकसाहेब चिमाबाईंपाशी बसले, फडक्याची गाठ सोडली. त्यांचा हात हातात घेतला. "चिमाबाई," ते म्हणाले, "मी भगवंतला घेऊन आलो आहे. एवढ्या वर्षांची गाठ आज सोडवू. त्याच्या हातात हात द्या, मंगलाला त्याच्या स्वाधीन करा, आणि मग मी तुम्हाला भाकर देतो. शांतीनं जा." त्यांचे डोळे खरोखर भरले होते. त्यांना वाटत होतं, आपण मरणाऱ्या बाईला सगळ्यांत मोठी भेट देतोय.

मंगला कोपऱ्यात होती, पाठ भिंतीला. भगवंतला पाहिल्यापासून तिनं दोन्ही हात गुडघ्यांखाली दाबून धरले होते.

चिमाबाईंनी विचारलं, "समेट झाला म्हंजे ती कुठं जाईन?"

"आपल्या घरी. नवऱ्याच्या."

चिमाबाई त्या फडक्याकडे बघत राहिल्या. फडक्याखालून रसाचा वास येत होता, दुसऱ्या कुणीतरी केलेल्या रसाचा. एवढी भूक मी कुठल्या माणसाच्या डोळ्यांत पाहिली नाही.

"मंग नको," त्या म्हणाल्या.

तेवढ्यात मंगला उठली. भिंतीचा आधार सोडून उठली. "मावशी, घ्या तुम्ही," ती म्हणाली. "मी जाते त्यांच्याबरोबर. इतकी वर्षं ठेवलंत, पुष्कळ झालं. घ्या."

भगवंत दारात मंद हसला. मी चप्पल उचलणार होते. शपथेवर सांगते, उचलणार होते. पण चिमाबाईंनी उशीवरून मान उचलली, आणि त्या मूठभर देहातून आवाज आला तो पूर्वी चाळभर ऐकू जायचा तसा. "तू जायचं नाही! भाकर देवाची आहे, तो माले ओळखतो. मी जाऊन त्याच्याशी बोलीन. तू या मानसासंग जायचं नाही."

मग त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं. ताट उघडावं की बांधावं हे पाळकसाहेबांना कळत नव्हतं, असं मला वाटलं. त्यांनी उघडायला हवं होतं. त्यांनी बांधलं आणि गेले. मी त्यांच्या मागे धावत जाऊन रस्त्यात त्यांना काय वाटेल ते बोलले.

चिमाबाई दोन-तीन दिवसांत गेल्या. भाकर न घेता गेल्या.

आमच्यात बायका स्मशानात जात नाहीत. मी गेले. गावाबाहेर मंडळीला दफनासाठी मिळालेली जागा आहे, तिथं सगळी मंडळी जमली होती, त्यांना वगळून ताट पुढे सरकवणारी सगळी. शवपेटी खड्ड्यात उतरवली. पाळकसाहेबांनी प्रवचन केलं. मेलेल्या माणसाबद्दल जे बोलतात ते बोलले. सेवाभावी होत्या, विश्वासात दृढ होत्या. आणि शेवटी त्यांचा आवाज जरा अडखळला, पण ते म्हणालेच, "आणि आपली ही बहीण सर्वांशी समेट करून प्रभूकडे गेली."

त्यांच्यात नेहमी असंच म्हणतात. कोणी मान हलवली, कोणी आमेन म्हटलं. मग माती द्यायला सुरुवात झाली. पहिला मान पंचांचा. भगवंत पुढे झाला, वाकून मूठभर माती उचलली.

"तुम्ही माती देऊ नका," मंगला म्हणाली.

ती माझ्या शेजारी उभी होती. मला आधी समजलंच नाही की हा तिचा आवाज आहे. भगवंतनं ऐकलं नसल्यासारखं केलं, तशी ती दोन पावलं पुढे गेली. "मावशीनं समेट केला नाही. माझ्यासाठी केला नाही. उपाशी गेली. खोटं बोलू नका तिच्या मढ्यावर."

"मंगला," भगवंत मऊ आवाजात म्हणाला, "विषय संपलाय. मंडळीसमोर संपलाय."

"नाही संपला." ती आणखी एक पाऊल पुढे झाली. "माझं बाळ मेलं. यांनी लाथ मारली म्हणून मेलं. हापशावर मी घसरले नव्हते. मुलगी होती. कुठं पुरली तेही मला सांगितलं नाही. आणि तुम्ही सगळ्यांनी मला धरून उभं केलंत, यांच्या हातात हात द्यायला."

ज्या दोघींनी तिला धरून उठवलं होतं त्या तिथंच होत्या. त्यांनी खाली पाहिलं. भगवंतच्या मुठीतली माती बोटांतून गळत होती. तो पाळकसाहेबांकडे बघत होता, सगळेच त्यांच्याकडे बघत होते, की आता हे तिला गप्प करतील, रिवाज सांगतील. मीही दात आवळून त्याचीच वाट बघत होते.

अनंतरावांनी हातातलं शास्त्र मिटलं. ते खड्ड्याला वळसा घालून मंगलाच्या दिशेनं आले, पण ती मागे सरकेल म्हणून लांबच थांबले. आणि त्यांनी तिला विचारलं, पाच वर्षांत त्या मंडळीतल्या एकाही माणसानं विचारलं नव्हतं ते.

"नाव काय ठेवलं होतंस?"

मंगला रडली नाही.

"ठेवलंच नाही," ती म्हणाली. "तुम्ही वेळच दिला नाहीत. मी शुक्रवारी घरी आले, आणि रविवारी तुमचा समेट होता."